झिजलेल्या मानेचा हिशेब

मराठी भाषेत कष्टाचे मोजमाप बहुधा मानेनेच होते. कामात गढलेल्या माणसाला मान वर करण्याची उसंत नसते, अभ्यासू विद्यार्थी मान मोडून लिहितो आणि संसाराचे जू शेवटी मानेवरच येते. भाषेने ज्या अवयवाची एवढी दखल घेतली, त्याची समाजाने मात्र फारशी विचारपूस केलेली नाही. चाळिशी ओलांडलेल्या शिक्षकाची अगर कारकुनाची मान एके सकाळी आखडते, खांद्यापासून बोटांपर्यंत कळ जाते, क्ष-किरण छायाचित्र काढले जाते आणि 'मणक्यात गॅप आहे' एवढे एक वाक्य घेऊन तो घरी परततो. त्या वाक्याचा अर्थ त्याला कोणी समजावून सांगत नाही. पुढे वर्षानुवर्षे तो गळ्यात पट्टा आणि मनात धास्ती बाळगून वावरतो.

मानेच्या मणक्यांची झीज, ज्याला वैद्यकात 'सर्व्हायकल स्पाँडिलोसिस' म्हणतात, हा विषय डॉक्टरांच्या दवाखान्यापुरता मर्यादित नाही. या बाबतीत समाज एकाच वेळी दोन परस्परविरुद्ध चुका करीत आहे. वयाबरोबर जे येणारच, त्याची तो नाहक धास्ती घेतो. आणि जे टाळता येण्याजोगे अथवा वेळीच ओळखण्याजोगे आहे, त्याकडे सरसकट डोळेझाक करतो. या दोन्ही चुकांची किंमत मोजणारे लोक मात्र सारखे नाहीत. पहिलीची किंमत पांढरपेशा माणूस पैशांत मोजतो. दुसरीची किंमत अनेकदा हातापायांतील बळाने मोजावी लागते, आणि ती मोजणारा बहुधा गरीब असतो.

झीज म्हणजे नेमके काय?

माणसाच्या मानेत सात मणके असतात. जिराफाच्या लांबलचक मानेतही सातच असतात. निसर्गाने संख्या न वाढवता केवळ आकार वाढवला आहे. या सात मणक्यांवर साडेचार-पाच किलो वजनाचे मस्तक तोललेले असते आणि ते नुसते तोलायचे नसते, तर दिवसभर चहूकडे फिरवायचेही असते. पहिल्या दोन मणक्यांच्या सांध्यातून मान वळवण्याचे जवळजवळ निम्मे काम होते; त्या दोहोंमध्ये गादी नसते. दुसऱ्या मणक्यापासून खाली मात्र प्रत्येक दोन मणक्यांमध्ये एक लवचीक चकती असते. मराठीत तिला 'गादी' म्हणतात, आणि तो शब्द समर्पक आहे. बाहेरून चिवट तंतूंची वेटोळी आणि आत पाण्याने फुगलेला मऊ गर अशी तिची रचना असते. तरुणपणी या गराचा चार-पंचमांश किंवा त्याहून अधिक भाग पाण्याचा असतो.

प्रौढ माणसाच्या या गादीला स्वतःचा रक्तपुरवठा जवळजवळ नसतो. शेजारच्या हाडातून पाझरणाऱ्या पोषणावर तिला गुजराण करावी लागते. त्यामुळे वय वाढते तसे गरातील पाणी आटते, गादी चपटी होते, तंतूंना भेगा पडतात आणि मणके एकमेकांच्या जवळ येतात. म्हणजे ज्याला लोक 'गॅप' समजतात, ती अंतर वाढल्याची खूण नसून अंतर कमी झाल्याची खूण असते! मणक्यांवरील ताण वाढला की हाडाच्या कडा आधारासाठी बाहेर वाढू लागतात. या वाढीला लोक 'काटे' म्हणतात. पाचव्या-सहाव्या आणि सहाव्या-सातव्या मणक्यांच्या दरम्यान हा प्रकार सर्वांत अधिक दिसतो, कारण मानेची वाकण्याची हालचाल तेथे जास्त होते. घराच्या उंबऱ्याचा मधला भाग जसा येण्याजाण्याने झिजतो, तसेच हे आहे.

हा विकार आज सर्वपरिचित असला तरी त्याची नीट ओळख पटण्यास विसावे शतक निम्मे सरावे लागले. १९२८ साली अमेरिकन शल्यवैद्य बायरन स्टूकी यांनी मज्जारज्जूवर दाब आणणाऱ्या फुगवट्यांचे वर्णन केले, तेव्हा त्या कूर्चेच्या गाठी असाव्यात असे मानले गेले. पुढे त्यांचा संबंध गादीच्या विकारांशी जोडला गेला आणि १९५२ साली ब्रिटिश मज्जाविकारतज्ज्ञ रसेल ब्रेन व त्यांच्या सहकाऱ्यांनी हळूहळू होणारी झीज आणि गादीचे अचानक बाहेर येणे या दोन वेगळ्या गोष्टी असल्याचे स्पष्टपणे मांडले. तेव्हापासून वैद्यकाला ठाऊक असलेला भेद आपल्या समाजापर्यंत अजून पोहोचायचा आहे.

छायाचित्र म्हणजे रोग नव्हे

पहिली चूक येथूनच सुरू होते. झीज दिसली म्हणजे रोग झाला, हे समीकरण मुळात खोटे आहे. १९९० साली अमेरिकेत स्कॉट बोडेन व त्यांच्या सहकाऱ्यांनी मानेची कसलीही तक्रार नसलेल्या ६३ जणांची चुंबकीय प्रतिमा-तपासणी केली. चाळिशीच्या आतील सुमारे २५ टक्के लोकांत, आणि चाळिशीवरील जवळजवळ ६० टक्के लोकांत निदान एक तरी गादी झिजलेली अथवा अरुंद झालेली आढळली. २०१५ साली जपानमधून प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात १,२११ धडधाकट माणसे तपासली गेली, त्यांतील ८७.६ टक्के लोकांत गादी फुगून बाहेर आलेली होती. ऐन विशीतील तरुणांतही हे प्रमाण मोठे होते. या सर्वांना रोगी म्हणावयाचे ठरवले, तर निरोगी माणूस शोधण्यासाठी पाळण्याकडेच जावे लागेल.

केसांचे पांढरे होणे आणि गादीचे चपटे होणे यांत तत्त्वतः फारसा फरक नाही. असे असता मान दुखते म्हणून आलेल्या प्रत्येकाला प्रथम यंत्रापुढे उभे करावयाचे, प्रतिमेत जे कोणाच्याही प्रतिमेत दिसले असते ते दाखवावयाचे, आणि मग त्याच झिजेवर उपचार सुरू करावयाचे, हा क्रम उलटा आहे. अपघात, ताप, वजन घटणे, पूर्वीचा कर्करोग किंवा हातापायांतील अशक्तपणा अशी काही खूण असेल तर प्रतिमा तत्काळ हवी, यात वाद नाही. परंतु साध्या मानदुखीत ती बहुधा रुग्णाच्या ज्ञानापेक्षा त्याच्या चिंतेतच भर घालते. आपली मान 'झिजली' आहे असे एकदा मनाने घेतले की माणूस ती हलवण्यासच भितो. न हलवलेली मान अधिक आखडते आणि आखडलेली मान अधिक दुखते.

चक्कर येण्याच्या तक्रारीची कथाही अशीच आहे. कुशीवर वळताना अगर मान वर करताना घर गरगरले की त्याचे खापर मानेच्या मणक्यांवर फोडण्याची आपल्याकडे जुनी रीत आहे. प्रत्यक्षात अशा चकरेचे एक फार नेहमीचे कारण कानाच्या आतील तोल सांभाळणाऱ्या नलिकांत सापडते. तेथील सूक्ष्म कण जागा सोडून भरकटतात आणि डोके हलताच भ्रम निर्माण करतात. ते ओळखण्याची साधी चाचणी डिक्स आणि हॉलपाइक यांनी १९५२ साली सांगितली आणि डोके ठरावीक क्रमाने वळवून ते कण जागी नेण्याची एपली यांची पद्धत १९९२ साली प्रसिद्ध झाली. पाच-दहा मिनिटांत तपासण्याखाटेवर होणाऱ्या या उपायाऐवजी वर्षभर गळ्यात पट्टा वागवणारे लोक आपल्या शहरांत थोडेथोडके नाहीत.

उपाय साधे, म्हणूनच उपेक्षित

झिजेमुळे नसेचे मूळ दाबले जाऊन हातात कळ येते, मुंग्या येतात, तेव्हाही घाबरून जाण्याचे कारण बहुधा नसते. अमेरिकेतील रॉचेस्टर येथे १९७६ ते १९९० या काळात अशा ५६१ रुग्णांचा मागोवा घेण्यात आला. अखेरच्या तपासणीच्या वेळी त्यांतील सुमारे ९० टक्के लोकांना त्रास नव्हता किंवा अगदी किरकोळ होता. काळ हाच येथे मोठा वैद्य ठरतो. फक्त त्याला थोडी मदत करावी लागते.

ती मदत म्हणजे आयुष्यभराचा पट्टा नव्हे. नुकत्याच सुरू झालेल्या हाताच्या तीव्र कळेत काही आठवडे पट्टा लावल्याने आराम पडतो, हे नेदरलँड्समधील २००९ च्या चाचणीत दिसून आले. पण त्याच चाचणीत व्यायामाचाही तसाच उपयोग झाला. महिनोन् महिने पट्टा वापरला की मानेचे स्नायू आळसावतात आणि मग ज्या आधारासाठी पट्टा घेतला तो नैसर्गिक आधारच दुबळा होतो. डेन्मार्कमध्ये २०११ साली वारंवार मान-खांदे दुखणाऱ्या १९८ कर्मचाऱ्यांवर केलेला प्रयोग या दृष्टीने बोलका आहे. रबरी पट्टी ताणण्याचा खांद्याचा व्यायाम रोज केवळ २ मिनिटे करणाऱ्या गटाचेही दुखणे १० आठवड्यांत कमी झाले. दोन मिनिटांच्या व्यायामाची जाहिरात कोणी करीत नाही, कारण त्यात विकण्याजोगे काही नाही.

याउलट, केशकर्तनालयात डोक्याची मालिश झाल्यावर मान एकदम पिळून 'कट्' असा आवाज काढून घेण्याची हौस मात्र फुकट मिळते, आणि प्रसंगी महाग पडते. मेंदूच्या मागील भागाला रक्त पुरवणाऱ्या दोन धमन्या मानेच्या मणक्यांतील छिद्रांतूनच वर जातात. अचानक दिलेल्या हिसक्याने त्यांचे आतले अस्तर फाटून पक्षाघात झाल्याच्या घटना वैद्यकात नोंदलेल्या आहेत. त्या विरळा आहेत हे खरे; परंतु क्षणभराच्या बरे वाटण्यासाठी असला धोका पत्करण्यात शहाणपण नाही.

खरा धोका आवाज करीत नाही

आता दुसरी आणि अधिक गंभीर चूक. मणक्यांच्या मधून जो मार्ग जातो, त्यातून मज्जारज्जू खाली उतरतो. मानेत या मार्गाची पुढून मागे रुंदी साधारण १७ मिलिमीटर असते. काहींची ती जन्मतःच १३ मिलिमीटरपेक्षा कमी असते. अशा माणसाच्या गादीचा फुगवटा, हाडाची वाढ आणि जाड झालेले बंध यांनी उरलीसुरली जागा व्यापली की मज्जारज्जूच दाबला जातो. झिजेच्या साऱ्या प्रकारांत खरोखर भिण्यासारखा प्रकार हाच होय. आणि दुर्दैव असे की तो पुष्कळदा दुखतच नाही.

शर्टाची गुंडी लावताना बोटे अडखळतात. पंचवीस वर्षे वळणदार अक्षर काढणाऱ्या गुरुजींचे फळ्यावरील अक्षर बिघडते. नोटा मोजताना रोखपालाचा हात चुकतो. अंधारात चालताना तोल जातो, जिना उतरताना कठड्याची गरज भासू लागते, लघवीला घाईने जावे लागते. घरातील माणसे म्हणतात, वय झाले. मान दुखत नसल्यामुळे मानेकडे लक्ष जात नाही, आणि हाताला मुंग्या आहेत म्हणून कधी मनगटातील नसेवर उपचार होतात. इस्रायलमध्ये अशा ४२ रुग्णांची पाहणी २०१३ साली प्रसिद्ध झाली. पहिल्या लक्षणापासून योग्य निदान होईपर्यंत सरासरी दोन वर्षांहून अधिक काळ गेला होता, आणि मनगटातील नसेचा विकार हे सर्वांत अधिक वेळा झालेले चुकीचे निदान होते.

दोन वर्षे हा येथे लहान काळ नव्हे. मज्जारज्जूवरील दाब दूर करण्याच्या शस्त्रक्रिया उपलब्ध आहेत. मानेच्या पुढच्या बाजूने जाण्याची रीत तर १९५५ पासूनच रूढ होऊ लागली. मध्यम व तीव्र स्वरूपाच्या विकारात शस्त्रक्रिया करावी, असे २०१७ च्या आंतरराष्ट्रीय मार्गदर्शक सूचना सांगतात. परंतु गेलेले सारे बळ परत येईल याची हमी ती देऊ शकत नाही. जितका उशीर, तितके नुकसान कायमचे. म्हणजे ज्याची गरज नाही अशा हजारोंच्या प्रतिमा निघत असताना ज्याला ती तातडीने हवी, तोच माणूस 'वय झाले' या दोन शब्दांनी वाटेला लावला जातो.

यासाठी फार मोठी यंत्रसामग्री लागत नाही. जपानी तज्ज्ञ केइरो ओनो व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८७ साली सांगितलेली परीक्षा अशी : मूठ पूर्ण मिटावयाची आणि पूर्ण उघडावयाची, शक्य तितक्या भराभर. निरोगी माणूस १० सेकंदांत २० किंवा अधिक वेळा हे करू शकतो. त्याच्या जोडीला सरळ रेषेत, एका पावलाच्या टाचेला दुसऱ्या पावलाचा अंगठा लावून चालावयास सांगावे. या दोन चाचण्यांनी निदान पक्के होत नाही हे खरे, परंतु तज्ज्ञाकडे कोणाला तातडीने पाठवावे, हे कळण्यास त्यांची मोठी मदत होते. तालुक्याच्या गावातील कोणत्याही दवाखान्यात हे एका मिनिटात होण्यासारखे आहे.

बैठकीचा दोष आणि बाकाचा

लिहिणाऱ्यांच्या व्यथा काही संगणकाने निर्माण केलेल्या नाहीत. व्यावसायिक रोगांच्या शास्त्राचा जनक मानला जाणारा इटालियन वैद्य बर्नार्दिनो रामाझ्झिनी याने १७१३ साली आपल्या ग्रंथाला जोडलेल्या पुरवणीत लेखनिकांच्या रोगांवर स्वतंत्र प्रकरण लिहिले. सततची बैठक, हाताची एकाच दिशेने अखंड हालचाल आणि हिशेब चुकू नये म्हणून मनावर येणारा ताण ही तीन कारणे त्याने दिली. तीन शतकांनंतरही कोणत्याही कचेरीत जाऊन या यादीत फारशी सुधारणा करावी लागणार नाही.

मान पुढे झुकली की मस्तकाचे वजन वाढत नाही, पण ते तोलून धरण्यासाठी मानेवर येणारा भार वाढतो. अमेरिकन शल्यवैद्य केनेथ हंसराज यांनी २०१४ साली केलेल्या गणितानुसार ६० अंश वाकलेल्या मानेवर सुमारे २७ किलोंइतका भार पडतो. हे प्रत्यक्ष रुग्णांवरील निरीक्षण नसून संगणकावरील गणित आहे, आणि त्यावरून भ्रमणध्वनी पाहणाऱ्या प्रत्येक मुलाची मान झिजणार असे भाकीत करणे अतिरेकाचे ठरेल. किंबहुना झिजेत आनुवंशिकतेचा वाटा फार मोठा आहे. १९९९ साली प्रसिद्ध झालेल्या जुळ्यांच्या अभ्यासात मानेच्या गाद्यांमधील फरकांपैकी जवळजवळ तीन-चतुर्थांश भाग आनुवंशिक आढळला. तेव्हा झीज किती व्हावी हे बरेचसे जन्मतः ठरते, असे म्हणावयास हरकत नाही.

मग बैठकीची चर्चा व्यर्थ आहे काय? नाही. झीज आणि वेदना या वेगळ्या गोष्टी आहेत, हाच तर मुद्दा आहे. आनुवंशिकतेवर कोणाचा ताबा नाही. परंतु तासन् तास एकाच स्थितीत ताणलेल्या स्नायूंचे दुखणे सर्वस्वी माणसाच्या हातातले आहे. जुन्या पेढ्यांवर मुनीमजींच्या पुढ्यात तिरप्या झाकणाचे छोटे डेस्क असे. त्या उतारामुळे वही डोळ्यांकडे येई, डोळ्यांना वहीकडे वाकावे लागत नसे. डॅनिश शल्यवैद्य ए. सी. मांडल यांनी १९७० च्या दशकापासून शाळांतील सपाट टेबलांविरुद्ध आणि उतरत्या पृष्ठभागाच्या बाजूने जी मोहीम चालवली, तिचे सार आपल्या पेढ्यांना ठाऊक होते. पुढे कचेऱ्या आधुनिक झाल्या, टेबले सपाट झाली आणि तो उतार नाहीसा झाला. आज संगणकाचा पडदा टेबलावर, नोंदवही त्याशेजारी आडवी आणि कारकुनाची मान त्या दोहोंमध्ये दिवसभर येरझारा घालीत असते. पडद्याखाली चार विटांची उंची आणि कागदाखाली एक तिरपी फळी, एवढ्यावर भागणारा हा प्रश्न आहे; तो खरेदी विभागाच्या यादीत मात्र कधी येत नाही.

शिक्षकाची स्थिती याहून विचित्र. दिवसा फळ्याच्या वरच्या कडेपर्यंत लिहिताना त्याची मान मागे जाते आणि परीक्षांच्या हंगामात उत्तरपत्रिकांच्या गठ्ठ्यावर ती तासन् तास पुढे वाकते. विद्यार्थ्यांच्या बाबतीत सरकारने एक पाऊल उचलले आहे. दप्तराचे ओझे मुलाच्या वजनाच्या १० टक्क्यांहून अधिक नसावे असा निर्णय महाराष्ट्र शासनाने २०१५ साली घेतला, आणि २०२० च्या राष्ट्रीय दप्तर धोरणानेही तेच प्रमाण ठेवले. पण दप्तर तोलले गेले तरी बाक कोणी मोजले नाही. एकाच वर्गात चार फुटांचा मुलगा आणि साडेपाच फुटांचा मुलगा एकाच मापाच्या बाकावर पाच-सहा तास बसतात. दप्तर पाठीवर असते ते शाळेत येण्याजाण्यापुरते. बाक मात्र दिवसभर असतो. प्रत्येक वर्गात निदान दोन-तीन उंचींची बाके आणि दर तासाला दोन मिनिटे उभे राहण्याची मुभा, एवढे केले तरी पुष्कळ झाले. शिस्तीच्या नावाखाली मुलांना निश्चल बसवून ठेवण्याची आपली परंपरा मानेच्या दृष्टीने तरी शिस्तीची नाही.

ज्यांच्या मानेवर खरेच ओझे आहे

तरीही हा प्रश्न केवळ लेखणी चालवणाऱ्यांचा समजणे अन्यायाचे होईल. मानेवर, खांद्यावर आणि डोक्यावर प्रत्यक्ष ओझी वाहणारी माणसे या राज्यात लक्षावधी आहेत. बाजार समितीतील हमाल, गोदीतील आणि गोदामांतील कामगार, बांधकामावर डोक्यावरून घमेली वाहणाऱ्या स्त्रिया आणि चुंबळीवर हंडा, हंड्यावर कळशी घेऊन उन्हाळ्यात कोसभर चालणाऱ्या बायका. पंधरा लिटरच्या हंड्यात पंधरा किलो पाणी असते. भांड्याचे वजन वेगळेच. घानामध्ये १९९४ साली आणि बांगलादेशात २००६ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासांत डोक्यावरून ओझी वाहणाऱ्यांमध्ये मानेच्या मणक्यांची झीज इतरांपेक्षा अधिक आढळली. वयाने येणारी झीज या लोकांच्या वाट्याला वेळेआधी येते.

या झिजेचा हिशेब कोण ठेवतो? जर्मनीने १९९३ पासून, खांद्यावर जड ओझी दीर्घकाळ वाहिल्यामुळे होणाऱ्या मानेच्या गाद्यांच्या विकाराला व्यावसायिक रोग म्हणून मान्यता दिली आहे. कत्तलखान्यांतून मांसाचे अवजड तुकडे खांद्यावर वाहणारे कामगार हे त्याचे ठळक उदाहरण. आपल्याकडे १९२३ च्या नुकसानभरपाई कायद्यातील व्यावसायिक रोगांच्या यादीत शिसे, पारा, किरणोत्सर्ग अशी अनेक कारणे होती. परंतु ओझ्याने झिजलेल्या मानेला स्थान नव्हते. २०२० च्या सामाजिक सुरक्षा संहितेत ही यादी जवळजवळ तशीच उतरली. यादीत नसलेला रोग कामामुळेच झाला हे सिद्ध करण्याची जबाबदारी आजारी कामगारावर पडते. हजेरीचा कागदही हाती नसलेल्या हमालाने ते कसे सिद्ध करावे?

यावर एक आक्षेप घेतला जाईल, आणि तो सयुक्तिक आहे. झीज जर बहुतेकांच्या मानेत आढळते, तर हमालाची झीज हमालीमुळेच झाली कशावरून? या प्रश्नाचे उत्तर जर्मनीने नियमांतच शोधले आहे. नुसते छायाचित्र तेथे पुरत नाही. सुमारे ५० किलो किंवा अधिक वजन, साधारण १० वर्षांचा काळ, मान वाकवून वाहण्याची पद्धत आणि त्याच वयाच्या इतर माणसांहून स्पष्टपणे अधिक झीज अशा कसोट्या लावल्या जातात. कसोटी कडक असावी, पण ती असावी. आज आपल्याकडे कसोटीच नाही, म्हणून दावाच नाही.

महाराष्ट्राला हे अशक्य नाही. डोक्यावर आणि पाठीवर ओझी वाहणाऱ्यांना संरक्षण देणारा माथाडी कायदा याच राज्याने १९६९ साली केला. 'माथा' या शब्दावरून ज्या कामगारांना नाव मिळाले, त्यांच्या मानेचा विचार त्या कायद्याच्या परंपरेत सहज बसतो. आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेने १९६७ साली एका प्रौढ पुरुषाने वाहावयाच्या ओझ्याची मर्यादा ५५ किलो सुचवली होती. एके काळी क्विंटलभराचे पोते हाच आपला रिवाज होता. हमाल संघटनांनी वर्षानुवर्षे आवाज उठवल्यावर ५० किलोंच्या पोत्याचा पायंडा पडला. ओझे कमी करता येते, त्याने व्यापार बुडत नाही, एवढे तरी त्यातून सिद्ध झाले. माथाडी मंडळांनी आपल्या नोंदणीकृत कामगारांची वर्षातून एकदा हाताची पकड आणि चाल तपासली, तर मज्जारज्जूवरील दाब वेळीच लक्षात येईल आणि नुकसानभरपाईसाठी लागणारी नोंदही आपोआप तयार होईल.

स्त्रियांच्या डोक्यावरील हंड्याला मात्र कोणतेही मंडळ नाही. तेथे उपाय वैद्यकाचा नाहीच, नळाचा आहे. दारात पाणी आले की जी मान वाचेल, तिची नोंद कोणत्याही रुग्णालयाच्या अहवालात होणार नाही. आरोग्याच्या खात्यात ती जमा मात्र होईल.

देह झिजणारच, आणि चंदनासारखे झिजण्यात आपली संस्कृती धन्यताही मानते. परंतु चंदन झिजते ते स्वेच्छेने नव्हे. कोणीतरी ते सहाणेवर उगाळीत असते. वयाने होणाऱ्या झिजेला शांतपणे सामोरे जावे, तिची बाजारपेठ होऊ देऊ नये. मज्जारज्जूवरील दाबाची खूण दिसताच क्षणाचाही विलंब लावू नये. आणि जी झीज दुसऱ्याच्या मालाचे ओझे वाहताना झाली, तिची भरपाई ज्याचा माल त्याच्याकडून वसूल होईल, अशी तरतूद कायद्याने करावी.